कोतवालाला कोण हसणार?

शनिवारी रात्रीच्या हुतात्माने सोलापूरला आलो. रविवारी सकाळी शेंगाचटणी आणि कडक भाकरी घेऊन बसलो होतो, बाबा टीव्हीची चॅनल्स फिरवत होते. एका चॅनलवर गुडघ्यापर्यंतची चड्डी, खाली लोंबणारी नाडी आणि तो जगप्रसिद्ध बावळट चेहरा दिसला. बाबांचा अंगठा थांबला. आईने स्वयंपाकघरातून नुसता आवाज ऐकून ऑर्डर सोडली, "बदला आधी ते!" बाबांनी बदललं.

माझं वय अठ्ठावीस. पुण्यात नोकरी आहे, डोक्यावर बाईकचं कर्ज आहे, दोन ज्युनिअर माझ्या हाताखाली आहेत. तरी आमच्या घरात दादा कोंडके अजून माझ्यासमोर बघायचे नाहीत.

तर मंडळी, आजचा विषय हाच.

दादांबद्दल महाराष्ट्रात दोन पार्ट्या आहेत. एक आमच्या आईची. अश्लील, चावट, द्व्यर्थी, बंद करा. दुसरी व्हॉट्सॅपवरची. दर १४ मार्चला (दादा १९९८ साली याच तारखेला गेले, मी तेव्हा जेमतेम वर्षाचा होतो) फोटो येतो, खाली नऊ सिल्व्हर ज्युबिली, गिनीज बुकात नाव, असा सुपरस्टार पुन्हा होणे नाही, इत्यादी इत्यादी. दोन्ही पार्ट्या सिनेमाबद्दलच बोलतात. मला दोन्हींचं पटत नाही. कारण दादांची खरी करामत रंगमंचावर झाली आणि सिनेमात येता येता तिच्यातली एक फार महत्त्वाची गोष्ट गळून पडली. ती गोष्ट म्हणजे सभ्यपणा नव्हे. सभ्य ते कधीच नव्हते, असायची गरजही नव्हती. गळाली ती दिशा. कोणाला हसायचं, ती दिशा.

जरा मागे जाऊ.

कृष्णा कोंडके, जन्म १९३२, मुंबईतल्या नायगावच्या चाळीतला, गिरणीवाल्यांच्या घरातला. मूळ गाव भोरकडचं इंगवली. तरुणपणी बँड, अपना बाजारमधली नोकरी आणि राष्ट्र सेवा दलाचं कलापथक. हे कलापथक फार भारी प्रकरण होतं. निळू फुले, राम नगरकर हे सगळे त्याच वर्तुळातले. समाजवादी मंडळींना लोकांपर्यंत पोचायचं होतं आणि भाषणाला लोक जांभया देतात हे त्यांच्या लक्षात आलं होतं. म्हणून त्यांनी तमाशाचा साचा उचलला. गण, गवळण, बतावणी, वग. त्यातनं पुढे 'लोकनाट्य' हे जरा इस्त्री केलेलं नाव आलं. (तमाशा म्हटलं की आमची आई चॅनल बदलते, लोकनाट्य म्हटलं की तिकीट काढते. हे वेगळं सांगायला नको.)

१९६५ च्या सुमारास 'विच्छा माझी पुरी करा' आलं. लिहिणारे वसंत सबनीस. आता इथे सोलापूरकर म्हणून माझी कॉलर थोडी टाईट होते. सबनीसांचा जन्म सोलापूरचा, १९२३ चा. तमाशाला शाहिरी दिली तो पेशवाईतला राम जोशीही सोलापूरचाच. वेदशास्त्राच्या घरातला पोरगा फडावर जायला लागला म्हणून थोरल्या भावाने त्याला घराबाहेर काढलं, असं सांगतात. म्हणजे ह्या गावात चॅनल बदलायची परंपरा अडीचशे वर्षांची आहे. आईचा एकटीचा दोष नाही.

'विच्छा'ची गोष्ट अगदी साधी. एक बावळट राजा. कोतवालाची जागा रिकामी. हक्काने ती हवालदाराला मिळायची, पण मिळते वशिल्याच्या माणसाला. मग हवालदार डाव टाकतो. मैनावतीला पुढे करतो. कोतवाल तिच्यावर लट्टू होतो. ती म्हणते, राजाचा छपरी पलंग आणून दे. आणि हा गडी राजवाड्यातनं पलंग चोरायला निघतो! हवालदार म्हणजे दादा.

ही गोष्ट पुन्हा एकदा वाचा. प्रमोशन हुकलेला माणूस, वशिल्याने वर चढलेला बॉस आणि काही कळत नसलेला टॉप मॅनेजमेंट. साठ वर्षं झाली, एक अक्षर बदलायची गरज नाही. हिंदीत तिचं 'सैंया भये कोतवाल' झालं, तेही जोरात चाललं. कोतवाल सगळीकडेच असतो.

आता ह्यात चावटपणा नव्हता का? भरपूर होता. बाई, पलंग आणि लाळ गाळणारा कोतवाल, ह्यात काय भजन होणार आहे? पण नीट बघा की तो चावटपणा कुणावर आहे. वासना कोतवालाची आहे, आणि हसं कोतवालाचं होतंय. मैनावती सगळ्यांत हुशार आहे. हवालदार सगळ्यांत खालच्या पायरीवर आहे. पायरीवरनं वर बघत, टोपी सावरत, "सरकार, सरकार" करत तो बोलतो, आणि प्रत्येक वाक्याला दोन अर्थ. एक कोतवालाला ऐकू येणारा, दुसरा प्रेक्षकांना. द्व्यर्थी बोलणं हे तिथे हत्यार होतं. ज्याला सरळ बोलायची परवानगी नाही त्याचं हत्यार.

शिवाय बतावणीची सवय. लिखित संहिता होती, पण दादा तिला धरून बसणारे नव्हते. आज पेपरात जे आलं ते संध्याकाळी वगात. ज्या गावात प्रयोग त्या गावाचा चिमटा, समोर बसलेल्या पुढाऱ्याचा चिमटा. दीड हजारांच्या वर प्रयोग झाले असं म्हणतात. आम्हा सॉफ्टवेअरवाल्यांच्या भाषेत सांगायचं तर दीड हजार रिलीज, प्रत्येक वेगळा, आणि एकाचाही बॅकअप नाही.

माझे आजोबा गिरणीत साचेखात्यात होते. त्यांनी 'विच्छा' सोलापुरात दोनदा बघितलं होतं, थोड्या महिन्यांच्या अंतराने. ते सांगायचे, "दोन्ही दिवशी नाटक एकच होतं, पण बोलणं सगळं वेगळं." मी लहान असताना विचारायचो, काय बोलले मग? त्यांना एक वाक्य धड आठवायचं नाही. सांगायला लागायचे आणि मध्येच स्वतःच हसून बेजार व्हायचे. शेजारचा माणूस खुर्चीवरनं घसरला होता, एवढंच दरवेळी सांगायचे. तीन पाळ्यांच्या आयुष्यात माणसाला पन्नास वर्षं पुरेल एवढं हसू एका रात्रीत मिळालं होतं, आणि ते कशावर होतं ते गेलं.

ह्या प्रकाराला जगात भाऊबंद आहेत. इटलीत सोळाव्या शतकापासून 'कोमेदिया देल आर्ते' नावाचा प्रकार चालायचा. मुखवटे घातलेली ठरलेली पात्रं (कंजूष म्हातारा शेठ, त्याचा भुकेला हुशार नोकर), गोष्टीचा नुसता सांगाडा, बाकी संवाद नटाने तिथल्या तिथे जुळवायचे. वाचताना मला सारखं वाटत होतं की हा नोकर म्हणजे आपला हवालदारच की! ह्याच मातीतला विसाव्या शतकातला माणूस म्हणजे दारिओ फो. विनोदी नट, नाटककार, आणि १९९७ चा साहित्याचा नोबेल. त्याच्या बाबतीतल्या दोन गोष्टी इथे कामाच्या आहेत. १९५६ मध्ये त्याने 'लो स्वितातो' नावाचा सिनेमा केला, तो चालला नाही, आणि तो परत रंगभूमीवर आला. दुसरी गोष्ट, १९६२ मध्ये त्याला आणि त्याची बायको फ्रांका रामे हिला इटलीच्या सरकारी टीव्हीवर प्रचंड लोकप्रिय असा कार्यक्रम मिळाला होता. बांधकाम मजुरांवरच्या एका प्रहसनाला कात्री लागली, तर दोघं कार्यक्रम सोडून निघून गेले.

दादांच्या बाबतीत उलटं झालं. सिनेमा चालला. नुसता चालला नाही, धो धो चालला.

आशा भोसले 'विच्छा' बघायला यायच्या आणि त्यांनी भालजी पेंढारकरांकडे शब्द टाकला, असं सांगितलं जातं. १९६९ ला भालजींच्या 'तांबडी माती'तनं सुरुवात झाली. मग १९७१ ला स्वतःची निर्मिती, 'सोंगाड्या'. लेखन पुन्हा सबनीसांचं, दिग्दर्शक गोविंद कुलकर्णी. दादरच्या कोहिनूरमध्ये देव आनंदच्या सिनेमासाठी 'सोंगाड्या'ला जागा मिळेना, मग बाळासाहेब ठाकरे मध्ये पडले, हा किस्सा सगळ्यांना माहीत आहे. त्यानंतर 'एकटा जीव सदाशिव' (१९७२), 'आंधळा मारतो डोळा' (१९७३), 'पांडू हवालदार' (१९७५), 'राम राम गंगाराम' (१९७७)... पंचवीस आठवड्यांच्या खाली बात नाही. 'एकटा जीव सदाशिव'चा तर २००० साली गोविंदाला घेऊन हिंदी सिनेमा झाला.

पहिले तीनचार सिनेमे मी ह्या वर्षी लॅपटॉपवर हेडफोन लावून (हो, पुण्यात, आईपासून अडीचशे किलोमीटरवर) पुन्हा बघितले. 'सोंगाड्या'तला नाम्या अजूनही निर्मळ आहे. आईच्या धाकातलं भोळं पोरगं तमाशाच्या नादाला लागतं आणि घराला वाटतं पोरगं बुडालं. म्हणजे पुन्हा राम जोशीचीच कथा. उषा चव्हाण नुसती शोभेला नाही, तिच्या नजरेला धार आहे. 'पांडू हवालदार'मध्ये दादांच्या अंगावर पुन्हा खाकी चढली, सोबत अशोक सराफ. दोघांचं एकत्र टायमिंग बघताना मी दोनदा मागे जाऊन बघितलं. टायमिंग हा शब्द आपण फार स्वस्त केलाय. दादांचं खरं कसब बोलण्याच्या आधीच्या त्या अर्ध्या सेकंदात आहे. समोरच्याचं वाक्य त्यांच्या डोक्यात शिरतं, तिथे दोन अर्थांचा फाटा फुटतो, आणि चेहऱ्यावर चुकीचा अर्थ निवडल्याचं समाधान दिसतं. शब्द नंतर येतात. हे शिकवून येत नाही, हे हजार रात्री हजार लोकांसमोर उभं राहून येतं.

पण नंतर? नंतर एकेक सिनेमा बघत गेलो तसा एक माणूस दिसेनासा होत गेला. कोतवाल.

म्हणजे खलनायक असतात, पाटील असतात, गुंड असतात. पण दोन अर्थांचं जे बोलणं आहे ते आता त्यांच्या दिशेने जात नाही. ते नायिकेच्या दिशेने जातं, कॅमेऱ्याच्या दिशेने जातं. वगात वासना कोतवालाची होती आणि आपण तिला हसत होतो. पुढच्या सिनेमांत वासना आपलीच असते आणि आपण नुसते खूष होतो, कुणाचंच काही बिघडत नाही. 'तेरे मेरे बीच में' (१९८४) आणि 'अंधेरी रात में दिया तेरे हाथ में' (१९८६) ह्या हिंदी सिनेमांपर्यंत येता येता तर नुसतं शीर्षकच उरलं. पोस्टरवरच विनोद संपला, आत जायची गरज नाही!

हे दादांच्या आवडीमुळे झालं असं मला वाटत नाही. निदान सगळं नाही. ज्याने रोज रात्री कोड बदललाय त्याला कुणीतरी सांगितलं की आता एकदाच कम्पाईल कर आणि तीच रिळं पंचवीस आठवडे मुंबईपासून लातूरपर्यंत चालव. सोलापूरच्या नगरपालिकेवरचा चिमटा लातूरला कुणाला कळणार? सोमवारची बातमी सहा महिन्यांनी कशी हसवणार? वर सेन्सॉर. मंत्र्यावर बोललात तर अर्थ एकच, कापला. 'तशा' बोलण्याला निदान दोन अर्थ, आणि साधा अर्थ पुढे करून दादा सेन्सॉरशी भांडू शकायचे, भांडायचे. सगळ्या गावांत, सगळ्या ऋतूंत, सेन्सॉरमधून पार होऊन जो विनोद चालतो तो शरीराचाच. तो शिळा होत नाही. म्हणून तो उरला.

पण थोडा दोष दादांकडेही जातो, हे म्हटलंच पाहिजे. निर्माते तेच, पुढे दिग्दर्शक तेच, खिडकीवर रांग त्यांच्याच नावाची. एवढी ताकद हातात असताना कोतवालाला परत आणता आला असता. वगातली ती जीभ त्यांच्याकडे शेवटपर्यंत होती. ती नंतर शिवसेनेच्या सभांमध्ये चालली, आणि समोरच्या पार्टीवर काय चालली! लोक भाषणाला नाही, दादांना ऐकायला जायचे. पण निवडणुकीच्या व्यासपीठावरच्या विनोदाची एक अडचण असते. तो समोरच्यांना सोलून काढतो आणि शेजारी खुर्चीत बसलेल्याला वगळतो. वगातला हवालदार शेजारच्या खुर्चीपासून सुरुवात करायचा.

आता मी हे सगळं इतक्या तावातावाने का सांगतोय? कारण गेल्या वर्षी मी स्वतः हेच केलंय.

आमच्या कंपनीचा वार्षिक समारंभ होता. टीममधल्या मराठी पोरांनी ठरवलं, नेहमीचा बॉलिवुड डान्स नको, वग करू. मी लिहितो म्हटलं. राजा म्हणजे क्लायंट, कोतवाल म्हणजे डिलिव्हरी मॅनेजर, हवालदार म्हणजे रात्री तीनला फोन उचलणारा सपोर्टवाला. (अर्थात मी.) छपरी पलंगाच्या जागी क्लायंटची फिरती लेदर खुर्ची. पहिला ड्राफ्ट वाचला तेव्हा कॅन्टीनमध्ये लोक टेबल बडवत होते.

मग मेल आला की सगळ्या ग्रुप्सनी स्क्रिप्ट आधी पाठवावी. बस. एवढंच. कुणी काही कापलं नाही, कुणी दम दिला नाही. पण मी पाठवायच्या आदल्या रात्री बसून स्वतःच तीन जागा काढल्या. एक पगारवाढीवरची, एक शनिवार-रविवारच्या डिप्लॉयमेंटवरची, आणि एक कोतवाल हवालदाराचं काम स्वतःच्या नावावर खपवतो ती. एप्रिलमध्ये माझं अप्रेझल होतं. तीन जागा गेल्यावर नाटकात चार मिनिटांचं भोक पडलं. ते कशाने भरणार? टेस्टिंग टीममध्ये नवीन आलेल्या मुली होत्या. त्यांच्या लिपस्टिकवर, त्यांच्या इंग्रजीवर आणि 'बग दाखव ना' ह्या एका ओळीवर मी ती चार मिनिटं भरली. लिहायला वीस मिनिटं लागली. आधीच्या तीन जागांना आठवडा लागला होता.

हशा सगळ्यात जास्त त्यालाच पडला. डिलिव्हरी मॅनेजर तर पहिल्या रांगेत डोळे पुसत होता. मला बेस्ट स्क्रिप्टचा मग मिळाला, अजून डेस्कवर आहे, त्यात पेनं ठेवतो.

टेस्टिंगमधली एक मुलगी सुरुवातीच्या तालमींना यायची. सोमवारी कॉफी मशीनपाशी भेटली. म्हणाली, "चांगलं झालं. पण पहिल्या ड्राफ्टमधला कोतवाल जास्त भारी होता रे." आणि कप घेऊन गेली. तिने आणखी काही ऐकवलं असतं तर मला बरं वाटलं असतं.

तेव्हापासून आई चॅनल बदलते तेव्हा मी वाद घालत नाही. ती ज्याला अश्लील म्हणते ते मला माझ्या पद्धतीने दिसलंय. पण बाबांचा अंगठा का थांबतो तेही आता कळतं. ते त्या चड्डीसाठी, नाडीसाठी थांबत नाहीत. त्यांना त्यात कुठेतरी आजोबांचं ते हसू सापडेल असं वाटत असणार.

जेवणं झाल्यावर आई पडली होती, तेव्हा हळूच विचारलं, आजोबांनी तुम्हाला तरी कधी सांगितलं का, दादा त्या रात्री काय बोलले होते?

"नाही बे," बाबा म्हणाले. "एकदा फक्त म्हणाले होते, पुढच्या रांगेत त्यांच्या गिरणीचे साहेब बसले होते, आणि दादांनी त्यांच्याकडे बघूनच काहीतरी टाकलं."

"मग साहेब हसले का?"

"ते मी पण विचारलं होतं. म्हणाले, साहेबाकडे बघायला कुणाला वेळ होता?"